गीत : पारंपरिक

माझं पहिलं गाणं बाजारात आलं, तेव्हा ते मी पनवेलच्या एसटी स्टँडसमोरच्या टपरीवर स्वतः विकत घेतलं. व्हीसीडीचा जमाना होता, दोन हजार सालानंतरची पहिली काही वर्षं. वेष्टनावर कोळी पद्धतीने लुगडं नेसलेली एक अनोळखी मुलगी होती आणि तिच्यामागे नारळाची झाडं, ती काही आपल्याकडची वाटत नव्हती. मागच्या बाजूला आठ गाण्यांची यादी. चौथं माझं. त्यापुढे छापलं होतं, 'गीत-संगीत : पारंपरिक'.

मी तेव्हा चोवीस वर्षांची होते आणि गाणं सहा महिन्यांचं. विचुंब्याच्या आमच्या घरात, भात शिजेपर्यंतच्या वेळात, गॅसच्या पावतीमागे मी ते लिहिलं होतं. हार्मोनियमवर चाल बसवताना 'बंद कर ती पेटी' म्हणून आई दोनदा ओरडली होती. त्या गाण्यात पारंपरिक काही असलंच तर आईचं ओरडणं.

दुसऱ्याच दिवशी मी मुंबईला त्या कंपनीत गेले. मालक सभ्य माणूस. चहा मागवला, फाइल काढली आणि माझी सही दाखवली, सगळे हक्क कायमचे दिल्याची. सही माझीच होती. रेकॉर्डिंगच्या दिवशी केलेली, न वाचता, कारण आत वादक खोळंबले होते आणि मला माइकसमोर कधी एकदा उभी राहते असं झालं होतं.

"हक्क राहू देत तुमच्याकडे," मी म्हटलं. "नाव तरी माझं घाला."

"ताई, पारंपरिक लिहिलं की भानगड राहत नाही," तो म्हणाला. "उद्या कोणी उठून म्हणालं, हे माझं आहे, तर?"

"मी तेच म्हणतेय. हे माझं आहे."

तो हसला, आणि चहा थंड होतोय म्हणाला. मी चहा न पिता उठले. जिना उतरताना रडले, खोटं कशाला सांगू. पण पनवेल येईपर्यंत रडं ओसरलं होतं आणि नुसता राग उरला होता, तो कामाचा होता. माझं गाणं यापुढे माझ्या हातातून असं जाऊ द्यायचं नाही, आणि जमलं तर दुसऱ्या कोणाचंही जाऊ द्यायचं नाही, हे त्या दिवशी ठरलं.

ठरलं खरं, पण हातात काय होतं? एक हार्मोनियम, एक सेकंडहँड गिटार आणि गळा. मग मी बेंजो पार्टीत गायला लागले. आमच्या आगरी-कोळी लग्नांत हळदीला बेंजो पार्टी नसेल तर हळद लागली असं कोणी मानत नाही. बेंजो, ढोलकी, कीबोर्ड आणि समोर एक गाणारी. सात-आठ वर्षं ती गाणारी मी होते. बाबांना हे फारसं पसंत नव्हतं. ते बंदरात नोकरी करून निवृत्त झालेले, शिस्तीचे. पण स्टेजवर मला कोणी अरेतुरे केलं, तर मांडवाच्या कडेला उभे असलेले बाबा घसा खाकरायचे आणि समोरचा माणूस आपोआप 'अहो ताई'वर यायचा.

गंमत म्हणजे फर्माइश सगळ्यांत जास्त त्या चौथ्या गाण्याची असायची. एकदा कोन गावात एका हळदीत नवरदेवाच्या मामाने ओरडून सांगितलं, "तां जुनं गानं म्हना!" माझं डोकं फिरलं. मी माइकवरच जाहीर केलं, हे जुनं नाही, हे मी लिहिलंय. मांडवात हशा पिकला.

"मंग तुजं वय किती गो," मामा म्हणाला, "शंभर?"

मी गाणं म्हटलं. दात-ओठ खात म्हटलं, पण म्हटलं.

साठवलेल्या बिदागीतून आणि बाबांच्या फंडातल्या थोड्या मदतीवर मी सुकापूरला एका इमारतीच्या तळमजल्यावर गाळा घेतला आणि त्यात स्टुडिओ थाटला. थाटला हा शब्द जरा मोठाच आहे. भिंतींना अंड्यांचे ट्रे, त्यावर जुन्या गाद्या. आवाज अडवणारा जाड दरवाजा बाबांनी सुताराच्या डोक्यावर बसून करून घेतला होता. भाडं कमी का होतं ते पहिल्या दिवशीच कळलं. शेजारी पिठाची गिरणी होती. गिरणीवाले काका दुपारी एक ते चार घरी जाऊन जेवायचे आणि झोपायचे. तेवढ्यात मी रेकॉर्डिंग उरकायची. त्यातही जवळच्या रुळांवरून मालगाडी गेली की सगळ्यांनी श्वास रोखून थांबायचं आणि ती गेली की परत पहिल्या ओळीपासून.

माझ्याकडे गायला कोण यायचं? उरणच्या खाडीकाठचा, स्वतःची होडी असलेला एक नाखवा, पनवेलच्या बाजारात भाजी विकणारी एक मावशी, एक रिक्षावाला, जो दोन भाड्यांच्या मध्ये गाणी लिहायचा. सगळे स्वतःची गाणी करणारे आणि सगळे 'आमचं काय, असंच आपलं' म्हणणारे. त्यांच्यासाठी मी एक कागद तयार केला. मराठीत, एकच पान. सगळ्यांत वर लिहिलं होतं, 'गाणं ज्याने केलं त्याचं.' सही करण्याआधी मी तो मोठ्याने वाचून दाखवायची आणि वाचताना कोणी घाई केली, तर त्याला माइकपाशी जाऊ द्यायची नाही. लोक मला कागदवाली म्हणायला लागले. मला ते आवडायचं.

तोवर टपऱ्यांवरच्या व्हीसीडी गेल्या. मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्डात गाणी भरून मिळायला लागली आणि मग ज्याच्या त्याच्या फोनवर इंटरनेट आलं. मी आमच्या गाण्यांचं चॅनल सुरू केलं. मधल्या मालकाची गरजच संपली, याचा मला सूड उगवल्यासारखा आनंद झाला.

चॅनल मात्र रडतखडत चाललं होतं. ते उभं केलं आत्याच्या गाण्याने.

आत्या म्हणजे बाबांची थोरली बहीण. उरणकडे खाडीच्या काठी दिलेली, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, जीभ तिखट. टीव्हीवरच्या सोशीक सुनांना ती समोर बसून शिव्या घालायची. ती धवलारीण होती. आमच्याकडे लग्नात विधी चालू असताना धवले गाणारी बाई असते. हळद कुटण्यापासून पाठवणीपर्यंत प्रत्येक गोष्टीचं गाणं तिला ठाऊक असतं आणि तिच्यावाचून भटजीचंही अडतं. आत्याचं पाठवणीचं एक गाणं होतं. लहानपणापासून मी ते ऐकत आले होते:

पालन्यान भाव माजा, दोरी कोन वढील गो
मांडवान उबी आई, डोले कोन पुशील गो

हे रेकॉर्ड करायचं ठरवलं तेव्हा मी तिला विचारलं होतं, आत्या, हे कोणी केलं? ती सुकवलेला जवळा निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "कोन करनार? पयल्यापासनाचं हाय." मला तेवढंच हवं होतं. गिटार आणि एक ढोलकी, एवढ्यावर मी ते गायले. आणि व्हिडिओच्या सुरुवातीला माझ्या हाताने टाइप केलं, 'गीत : पारंपरिक'. कागद मी काढलाच नाही. पारंपरिक गाण्याचा कागद करणार कोणाशी?

गाणं फुटलं. म्हणजे एवढं चाललं, की पनवेल-उरणमध्ये पाठवणीला तेच वाजायला लागलं. बायका फोन करून रडायच्या. दोन वादकांना मी महिन्याच्या पगारावर ठेवलं. मग मुंबईहून एका मोठ्या कंपनीचा निरोप आला. त्यांना हे गाणं सगळीकडे न्यायचं होतं आणि त्याच्याबरोबर आमच्या चॅनलवरची बाकीची गाणीही. नाखव्याचं, मावशीचं, रिक्षावाल्याचं, ज्याचं त्याच्या नावाने, माझ्या कागदातल्या अटींवर. इतकी वर्षं मी ज्याच्यासाठी हट्टाला पेटले होते, ते कोणीतरी समोरून देत होतं.

त्यांच्या ऑफिसातली एक तरुण मुलगी हे काम बघत होती. फार काटेकोर. "मॅडम, मेन गाणं पारंपरिक आहे ना? मग तसं लिहून द्या. आणि दुसऱ्या कोणी गायलेलं एखादं रेकॉर्डिंग जोडा, म्हणजे प्रूफ होईल."

त्यात काय, म्हटलं. धवलारिणी ढिगाने आहेत. स्कूटर काढली आणि गावोगाव निघाले.

पहिलीला हे गाणं येत नव्हतं. दुसरीने मला पाठवणीची चार वेगळीच गाणी ऐकवली, एकाहून एक सुंदर, पण हे नव्हे. तिसरी म्हणाली, "ही चाल आमच्याकर नाय." चौथीने माझ्याच फोनवरून ऐकलेलं माझंच गाणं मला म्हणून दाखवलं. परत येताना रस्त्याच्या कडेला स्कूटर थांबवून मी फोनवर व्हिडिओच्या सुरुवातीची ती ओळ परत वाचली. आपण काहीतरी केलंय, हे कळायला लागलं होतं, पण काय ते स्वतःशी कबूल करायचं नव्हतं.

पाचवी कोन गावात भेटली. आत्याच्याच गावची. तरुणपणी दोघी जोडीने धवले गायच्या. आता ती लेकीकडे राहत होती आणि तिला ऐकू कमी यायचं. फोन कानाला चिकटवून तिने सबंध गाणं ऐकलं.

"ही तुज्या आतेची हाय," ती म्हणाली.

"हो, ती गायची ते माहीत आहे मला."

"गायची नाय गो. तिनं केल्ली. तिच्या सोताच्या लग्नाला. पालन्यान कोन व्हता, सांग? तुजा बापूस."

शेकडो वेळा मी ती ओळ गायले होते. बाबा माझ्या स्टुडिओत स्टुलावर बसून ती ऐकत होते. आत्याचं लग्न झालं तेव्हा बाबा पाळण्यात होते, हे आमच्या घरात सगळ्यांना माहीत होतं. कोणीही, मी तर नाहीच, या दोन गोष्टी कधी एकत्र ठेवून बघितल्या नव्हत्या. मला मनापासून लाज वाटली. त्या व्हीसीडीवाल्या मालकाने निदान माझी सही घेतली होती. मी एक प्रश्न विचारला, सोयीचं उत्तर मिळालं आणि गप्प बसले.

बाबांना घेऊन मी आत्याकडे गेले. बाबा ओटीवरच बसले. मी आत जाऊन विचारलं, की गाणं तू केलंस ना?

"तुना कोनी सांगितलं? त्या बहिरीनं?" आत्या भडकली. "जल्लं तिचं त्वांड."

"तू केलंस का नाही?"

तिने पदर खोचला. मग म्हणाली, "धवलारीन माजं म्हनत नाय. माजं म्हनलं का दुसरी गात नाय."

"दुसरी कोणी गातच नाही ते, आत्या. पाच गावं पालथी घातली मी. फक्त तू गातेस."

हे बोलायला नको होतं. साठ-पासष्ट वर्षं लग्नालग्नांतून तिने ते म्हटलं होतं, आणि एकीनेही उचललं नव्हतं. तिच्या तोंडावर ते दिसलं. पण मीही चिडले होते, स्वतःवर आणि तिच्यावर. मी म्हटलं, तुझं नाव लावू देणार असशील तर गाणं राहील. नाहीतर मी ते काढून टाकेन. खोटं लिहून मी चालवणार नाही.

"काढ," आत्या म्हणाली.

मी तिथेच, तिच्यासमोर, फोन काढून चॅनलवरून गाणं खाली उतरवलं. "अगं, थांब जरा," ओटीवरून बाबा म्हणाले, पण आम्हा दोघींपैकी कोणी थांबणाऱ्यातलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मुंबईच्या त्या मुलीला कळवलं, की गाणं पारंपरिक नाही, मला तसं लिहून देता येणार नाही. "मॅडम, एवढ्यासाठी?" ती म्हणाली. "सगळे तेच लिहितात." मला ते ऐकून हसू आलं. मीही तेच लिहिलं होतं. मुख्य गाणंच नाही म्हटल्यावर बाकीच्या गाण्यांचंही बोलणं थांबलं. मी नाखव्याला, मावशीला, रिक्षावाल्याला बोलावून खरं काय ते सांगितलं. मावशी म्हणाली, "कागद तूच वाचून दाखवलास ना? मग बरोबर केलंस." रिक्षावाला भाडं आहे म्हणून निघून गेला. त्याचा संसार या गाण्यांवर उभा राहणार होता असं नाही, पण त्याने घरी सांगून ठेवलं होतं, आणि ते मला फार लागलं.

पुढचे पंधरा-वीस दिवस वाईट गेले. वादक काम विचारायचे. मी बेंजो पार्टीच्या जुन्या लोकांना फोन करून परत सुपाऱ्या घ्यायला लागले. स्टुडिओ बंद करायचा नाही, एवढं एकच पक्कं होतं. आत्याला मी फोन केला नाही. तिनेही केला नाही.

आणि एका दुपारी गिरणीचा पट्टा थांबतो न थांबतो तोच बाहेर आवाज आला. "या पोरीचं गान्याचं दुकान कंचं?" आत्या गिरणीवाल्या काकांनाच विचारत होती. सहा आसनी रिक्षातून एकटी आली होती, हातात सुकटीची पिशवी. बाबा स्टुडिओतच होते, ते धावत बाहेर गेले. ती त्यांना बाजूला सारून आत आली आणि अंड्यांच्या ट्रेंकडे बघत राहिली.

"गावान पोरी इचारतान, गानं कुटं गेलं," ती म्हणाली. "तू खरंच काढलंस?"

"हो."

"यडी हाईस."

पाणी प्यायली. मग म्हणाली, "तुजा तो कागद हाय ना, तो वाच."

मी वाचला. तिने डोळे मिटून ऐकला आणि परत वाचायला लावला. 'गाणं ज्याने केलं त्याचं' ही ओळ तिने तिसऱ्यांदाही वाचून घेतली. मग उठली.

"एक कडवं ऱ्हायलंय. मांडवान म्हनायचं नसतं, म्हनून म्हनलं नाय कवा."

मी तिला माइकसमोर उभं केलं. हेडफोन तिने नाकारला. बाहेर गिरणी बंद, मालगाडीही नव्हती. सासरी नेणाऱ्या होडीचं ते कडवं आत्या कोणाकडेही न बघता गायली:

होरी सुटली बंदराशी, कोनी नाय इचारलं गो
जातंस का म्हनून मना, कोनी नाय इचारलं गो

चाल तीच होती, पण मी जशी गायले होते तशी नव्हे. मी ती रडवेली केली होती. आत्या रडत नव्हती, ती जाब विचारत होती. काचेपलीकडे बाबा उभे होते, त्यांनी चष्मा काढून हातात घेतला होता. मी ते साफ चुकीचं गायले होते, हे मला त्या वेळी कळलं, आणि मी ते पुन्हा कधीही गाणार नाही हेही. ते तिच्याच आवाजात राहायला हवं होतं. तसंच आता ते आहे. पुढे ते ऐकून मुंबईची कंपनी परत आली आणि सगळी गाणी ज्याच्या त्याच्या नावाने गेली, रिक्षावाल्याचीसुद्धा.

गाऊन झाल्यावर आत्या खुर्चीत बसली. मी कागद पुढे घेतला आणि नावाच्या रकान्यात तिचं नाव लिहायला लागले, आम्हा सगळ्यांना माहीत असलेलं, तिच्या रेशनकार्डावरचं. पहिलं अक्षर लिहिलं आणि तिने कागदावर हात ठेवला.

"ह्या नाय. ह्या नाव त्यांनी ठेवलं, लग्नाच्या दिसाला, तांदलान लिवून. तिनं गानं नाय केलं. गानं केलं ती आदुगरची."

आणि तिने आपलं माहेरचं नाव सांगितलं. मी चाळिशीकडे झुकले होते आणि ते मी पहिल्यांदा ऐकत होते. आम्ही तिला आत्या म्हणायचो, बाबा बाय म्हणायचे, गाव धवलारीण म्हणायचं. ज्यांच्या तोंडी ते नाव होतं, ती माणसं केव्हाच गेली होती. या लिखाणात मी कोणाचंच नाव घेतलेलं नाही, म्हणून तेही घेत नाही. ते गाण्यावर आहे.

मी ते लिहिलं. बाबा दरवाज्यात येऊन उभे होते. "माहेरपणाला आली की आई अशी हाक मारायची हिला," ते म्हणाले. त्यांनी ते नाव एकदा घेऊन बघितलं, लांबून हाक मारावी तसं, शेवटचं अक्षर ओढून.

आत्या कागदावरच्या अक्षरांकडे बघत होती. तिने मान वर केली नाही. नुसती ओ दिली.